बुरुल या नावाचा अर्थ

बिश्केक, ४ फेब्रुवारी २०१३

तुर्दाकुन,

कोचकोरच्या गाडीवाल्या जेकशेनच्या हातात हे पत्र आणि दोन किलो साखर देते आहे. साखर तुझ्यासाठी नाही, कुणासाठी ते पुढे सांगते. फोन मुद्दामच केला नाही. फोनवर तू ओरडतोस आणि मला फक्त तुझं ओरडणं ऐकू येतं, शब्द नाही.

निवृत्त झाल्यापासून बारा वर्षं या शहरात माझी कुणाला आठवण नव्हती. गेल्या आठवड्यात अचानक झाली. कालमुरात ओसोरोव नावाचा एक इसम आहे. लग्नांमध्ये माईक धरून पाहुण्यांना हसवतो, टीव्हीवरही दिसतो म्हणे. त्याने ‘बाळांची चार हजार नावं, मूळ आणि अर्थासह’ असा ग्रंथ रचलाय. छापण्याआधी प्रकाशकाला कुणा जाणकाराची सही हवी आहे. माझ्याबरोबर संस्थेत शब्दकोशाचं काम केलेले बाकीचे सगळे मेले, म्हणून माझ्याकडे आले.

बाड वाचते आहे. वाचते म्हणजे तोंडाला रुमाल लावून वाचते. या माणसाच्या मते आपल्या लोकांनी आजवर पोरांना तीनच गोष्टी म्हटल्या: शूर, तेजस्वी आणि चंद्रासारखी. तोक्तोगुल या नावापुढे लिहिलंय ‘थांबलेलं फूल’. अरे, तिथला ‘गुल’ म्हणजे ‘कुल’, सेवक! चांगल्या दाढीमिशीवाल्या पुरुषांची याने फुलं करून टाकली. इतालमास, म्हणजे कुत्रंसुद्धा नेणार नाही असं पोर. मरणाने नाक मुरडून पुढे जावं म्हणून असली नावं ठेवायचे. याने त्यात ‘अल्मास’ वाचलं आणि लिहून मोकळा: ‘जनतेचा हिरा’. पुढच्या ‘इत’चं, म्हणजे कुत्र्याचं, काय केलं, ते त्यालाच विचारलं पाहिजे. आणि मेलिस? ‘ग्रीक, मध’! मार्क्स, एंगेल्स, लेनिन, स्टालिन, चौघांची आद्याक्षरं जोडून केलेलं नाव हे. त्या चौघांत याला मध कुठे सापडला?

माझ्या नावालाही त्याने सोडलं नाही. ‘बुरुल: वळ. लागोपाठ मुली झाल्या की दैवाने वळावं आणि पुढचा मुलगा व्हावा म्हणून ठेवायचं नाव.’ न्हाणीघराच्या रांगेतल्या बायका सांगतात तेच उचललंय. लाल पेन्सिलीने आडवी रेघ मारली. बुरुल हा घोड्याचा रंग, करड्यात पांढरे केस मिसळलेला, हे तुला मी सांगायला नको. जन्मले तेव्हा माझ्या कपाळावर करड्या केसांचा झुपका होता, असं आई सांगायची. चाळीस वर्षांपूर्वी कोशात मी स्वतः ही टीप दिली आहे. पण माईकवाले लोक कोश उघडत नाहीत.

आता काम. सोबत अकरा नावांची यादी आहे, त्याने लावलेल्या अर्थांसह. म्हातारी कालीचा अजून जिवंत आहे ना? सासूबरोबर तिने अर्ध्या गावाची बाळंतपणं केली आहेत. कुठलं नाव का ठेवलं, हे तिच्याइतकं कुणाला ठाऊक नाही. साखर तिला दे आणि ती बोलेल ते जसंच्या तसं लिही, आपल्या अकलेची भर घालू नकोस. सातव्या क्रमांकावर माझंच नाव आहे. ते केवळ रीत म्हणून. स्वतःच्या नावाला सूट दिली असं कुणी म्हणायला नको.

गुल्झिनाचे दिवस भरत आले असतील. सुनेला जपा. तुझ्या बायकोला सांग, सोनुन, सासू झालीस म्हणून तिच्याकडून शेण उचलून घेऊ नकोस.

तुझी मोठी बहीण, तुझी एजे,
बुरुल


कोचकोर, १७ फेब्रुवारी २०१३

एजे,

पत्र पोचलं. साखर दीड किलोच पोचली, बाकीची जेकशेनला विचार.

सगळ्यात आधी आनंदाची बातमी. नऊ तारखेला गुल्झिना मोकळी झाली. मुलगी. बाळबाळंतीण दोघी ठणठणीत. पोरगी अशी रडते की गोठ्यातल्या मेंढ्या उभ्या राहतात. ही तिसरी. आयदाय अकराची, जांगिल नऊची आणि आता ही. इलियास ट्रक घेऊन ओशला गेला होता, आल्यावर पोरीला उचलून अंगणभर नाचला. माझा मुलगा वेडा आहे, पण वाईट नाही.

तुझी यादी घेऊन कालीचाकडे गेलो. त्र्याण्णव वर्षांची झाली आहे. दात नाहीत, जीभ आहे. सातीबाल्दीचं विचारलं तर माझ्या तोंडावर हसली. म्हणाली, “तुमच्या शेजारच्या सातीबाल्दीला मीच विकलाय!” त्याच्याआधी चार पोरं गेली होती. म्हणून याला जन्मताच तंबूच्या खालच्या फटीतून बाहेर शेजारणीला दिला आणि तिच्याकडून एका सुईच्या बदल्यात विकत घेतला. ‘विकत घेतला’, म्हणून सातीबाल्दी. तुझ्या त्या माईकवाल्याने काय लिहिलंय? ‘मोठा व्यापारी’? सातीबाल्दीला वाचून दाखवलं, तर म्हणाला, आयुष्यात एक शेळी विकली, तीही लंगडी निघाली म्हणून परत आली.

तुर्सुन, तोक्तोसुन, इतालमास, सगळ्यांचं वेगळ्या कागदावर लिहिलंय. दहा नावं झाली. सातव्याचं म्हातारीला फारसं आठवत नाही. थकली होती, मीही जास्त खणत बसलो नाही.

आता मुख्य गोष्ट. सोनुनने ठरवलंय की नातीचं नाव बुरुल ठेवायचं. तुझ्यावरून. घराण्यात एक विदुषी झाली, तिचं नाव पुढे चालावं, असं सगळ्या पाहुण्यांना सांगत सुटली आहे. गुल्झिना थोडी कां कू करते. अर्थ काय म्हणून विचारते. हल्लीच्या पोरी, प्रत्येक गोष्टीचा अर्थ लागतो यांना. तू तुझ्या हाताने दोन ओळी लिहून पाठवशील का? कोशवाल्या आत्याबाईंनी लिहून दिलं म्हणजे तिचं तोंड बंद होईल, असं सोनुन म्हणते. एकवीस मार्चला पोरीचे चाळीस दिवस भरतात. त्याच दिवशी मुल्ला कानात नाव सांगेल.

इथे अजून गुडघाभर बर्फ आहे.

तुर्दाकुन


बिश्केक, २५ फेब्रुवारी २०१३

तुर्दाकुन,

नातीचं अभिनंदन. इलियासचंही. तुझं नाही, तू काही केलेलं नाहीस.

सोनुनने माझं नाव निवडलं? चाळीस वर्षं ती मला ‘पुस्तकातली वाळवी’ म्हणते, हे मला कळत नाही असं तिला वाटतं. तिला अचानक विदुषीचा पुळका आला! पण खोटं कशाला बोलू, पत्राचा तो भाग मी दोनदा वाचला. मला मूलबाळ नाही. मी गेल्यावर कुणी तरी ‘ए बुरुल, जेवायला ये’ म्हणून हाक मारेल, हा विचार वाईट नाही.

गुल्झिनासाठी वेगळ्या कागदावर सही करून लिहिलं आहे. बुरुल: घोड्याचा करडा-पांढरा रंग, त्यावरून व्यक्तिनाम. ‘वळ’ हा अर्थ केवळ आवाजाच्या सारखेपणावरून अडाणी लोकांनी चिकटवलेला. तिला दाखव. प्रश्न विचारते हे चांगलं आहे. तुमच्या घरात एवढी एकच विचारणारी दिसते.

बाकी तुझ्या कामाबद्दल काय बोलावं? दहा नावं सुबक आणि माझ्याच नावाला ‘फारसं आठवत नाही’! सातीबाल्दीची सुई जिला आठवते, तिला मी आठवत नाही? तू आळशी आहेस. लहानपणी पाणी आणायला धाडलं की अर्धी बादली आणायचास आणि वाटेत सांडलं म्हणायचास. पुन्हा जा.

ओसोरोवचं ‘झ’ पर्यंत आले आहे. एकूण तीनशे बारा चंद्र मोजले.

बुरुल


कोचकोर, ३ मार्च २०१३

आदरणीय बुरुल आपा,

मी तुमच्या भावाची सून, गुल्झिना. तुमची माझी भेट फक्त लग्नात झाली. तेव्हा तुम्ही मला म्हणाला होता, “या घरात कमी बोलशील तर कमी ऐकावं लागेल.” ते मी पाळलं. आज मोडते आहे.

तुमचा कागद मिळाला. सासूबाईंनी तो काचेच्या कपाटात चहाच्या कपांपुढे उभा केलाय आणि येणाऱ्या प्रत्येकाला दाखवतात. तुमच्या ज्ञानावर शंका घ्यायची माझी लायकी नाही. मी डेअरीत दूध तपासते. दुधात पाणी आहे की नाही, एवढंच मला कळतं. पण तपासायची सवय लागली की ती घरीही सुटत नाही.

माझी दुसरी मुलगी जांगिल. ती झाली तेव्हा मला सांगितलं की जांगिल म्हणजे ‘नवी’. छान वाटलं. पाच वर्षांनी डेअरीतली एक बाई मला हसून म्हणाली, “‘जांगिल’ म्हणून दैवाला ‘चूक’ सांगितलंत, तरी ते चुकलं नाही का अजून?” मी घरी येऊन विचारलं तर सासूबाई म्हणाल्या, लोकांची तोंडं घाण असतात.

परवा मी न्हाणीतून बाहेर आले. सासूबाई पाळण्यापाशी होत्या, त्यांना वाटलं मी अजून आत आहे. त्यांनी बाळाच्या उशाखाली मुलग्याची टोपी सारली. मग पाळणा उचलून डोक्याकडची बाजू पायाकडे अशी तीनदा फिरवली. दर वेळी हळू आवाजात म्हणत होत्या, “बुरुल, बुरुल, बुरुल.” घोड्याचा रंग सांगायला कुणी पाळणा फिरवत नाही, आपा.

त्यांना विचारलं तर त्या तुमचा कागद पुढे करतील.

म्हणून तुम्हालाच विचारते. तुम्ही लिहिलंत ते तुम्हाला ठाऊक आहे, की कुणी सांगितलेलं आहे? माझं काही चुकलं असेल तर माफ करा. माझ्या मुलीला आयुष्यभर स्वतःच्या नावाने ‘तू नको होतीस’ असं ऐकावं लागू नये, एवढंच मला हवं आहे. एकवीस तारीख जवळ आली.

गुल्झिना


बिश्केक, ८ मार्च २०१३

तुर्दाकुन,

आज महिला दिन. खालच्या मजल्यावरचा म्हातारा मला मिमोसाच्या पिवळ्या फुलांची फांदी देऊन गेला आणि तुझ्या सुनेचं पत्र मला थोबाडीत देऊन गेलं. तिच्यावर ओरडू नकोस. सोनुनला तर कळूही देऊ नकोस.

दूध तपासणारी पोर मला विचारते, तुम्हाला ठाऊक आहे की कुणी सांगितलंय? चाळीस वर्षं संस्थेत होते. सही करण्याआधी हा प्रश्न मला एकाही मोठ्या माणसाने विचारला नाही. मीही नाही. दुसऱ्यांच्या टिपांना मी तीन-तीन साक्षी मागायचे, एका साक्षीवर एका बिचाऱ्याचा प्रबंध परत पाठवला होता. आणि माझ्या नावाच्या टिपेला साक्ष कुणाची, तर आईची, तीही मी सात वर्षांची असताना. त्या झुपक्याचा एक फोटो नाही, दुसऱ्या कुणी पाहिल्याचं ऐकिवात नाही.

तू कालीचाकडून अर्धी बादली आणलीस, असं मी लिहिलं होतं. आता वाटतं, बादली भरलेली होती आणि तू मुद्दाम सांडलीस.

ती काय म्हणाली ते लिही. गुरांच्या दवाखान्यात असताना घोड्याच्या आजाराचा कागद लिहायचास तसं लिही, हळहळ न करता. तुला शपथ वगैरे घालत नाही. मी तुझी मोठी बहीण आहे, तेवढं पुरे.

बुरुल


कोचकोर, १२ मार्च २०१३

एजे,

हे मी गोठ्यात बसून लिहितो आहे. घरात सोनुन विचारेल, कुणाला लिहिताय.

कालीचाला सगळं आठवतं. यादीतलं सातवं नाव वाचलं तशी म्हणाली, “कुणाची बुरुल? तुझी बहीण? वरच्या कुरणातली?” आणि थांबलीच नाही.

एकोणचाळीस साल, जून महिना. कालीचा तेव्हा एकोणीसची, सासूला गरम पाणी देत होती. तू झालीस. तुझ्याआधीच्या तिन्ही मुलीच. बाबा घोड्या वळवून संध्याकाळी आले. तंबूबाहेरूनच विचारलं, “काय?” सासू म्हणाली, “पोरीची जात.” बाबा घोड्यावरून उतरलेच नाहीत. तिथल्या तिथे घोडा तीनदा तंबूभोवती फिरवला आणि ओरडले, “बुरुल! बुरुल! बुरुल!” मग घोडा हाणला ते थेट गेले. आठ दिवस आले नाहीत. कालीचा म्हणते, आतमध्ये तुझ्या आईने तुला छातीशी धरलं होतं आणि प्रत्येक हाकेला ती डोळे मिटत होती. परत आल्यावर बाबांनी तुझ्याकडे पाहिलंही नाही, पण नाव तेच राहिलं. दुसरं ठेवायची आईची हिंमत झाली नाही.

मी म्हणालो, “आणि केसांचा झुपका?” म्हातारी म्हणाली, “कुठला झुपका? बोराएवढं टकलं पोर होतं.”

आता पुढचं. हे कालीचाने मला नवीन सांगितलेलं नाही. मला ठाऊक होतं. मी चौदा वर्षांचा असताना आईने सांगितलं होतं. तू सात वर्षांची असताना एकदा शाळेतून रडत आली होतीस, पोरं तुला ‘वळ, वळ’ म्हणून गोल फिरवत होती. तेव्हा आईने तो झुपका रचला. तू डोळे पुसलेस आणि पोरांना जाऊन सांगितलंस की मी घोड्याच्या रंगाची आहे. त्यानंतर तुला कुणी फिरवलं नाही. आई मला म्हणाली, हे तिला कधी कळू देऊ नकोस. अठ्ठावन्न वर्षं कळू दिलं नाही. तू मला आळशी म्हण. पण हे ओझं अर्ध्या बादलीचं नव्हतं.

आणखी एक लिहितो, पुन्हा लिहायचा नाही. तुझ्यानंतर दोन वर्षांनी मी झालो. दैव वळलं म्हणून बाबांनी शिंगरू कापलं. नाव ठेवलं तुर्दाकुन, म्हणजे ‘राहिला’. पाच महिन्यांनी ते लढाईवर गेले आणि राहिले ते तिकडेच. त्या माणसाला पाच महिन्यांसाठी मुलगा हवा होता म्हणून तू आयुष्यभर ते नाव वागवलंस. गावातले लोक माझ्या पाठीवर थाप मारून म्हणायचे, बहिणीने आणलेला पोरगा. मला ते कधी आवडलं नाही.

सोनुनला काय हवंय ते तुला कळलंच आहे. मी गप्प बसलो. तिच्यापुढे मी गप्पच बसतो. तुझ्या कागदामुळे गप्प बसायला बरं निमित्त मिळालं.

तू इतका मोठा कोश केलास, आपल्याच गावच्या म्हातारीला एकदा विचारलं असतंस तर?

तुर्दाकुन


बिश्केक, १५ मार्च २०१३

तुर्दाकुन,

शेवटचा प्रश्न बरोबर आहे. विचारलं नाही, कारण विचारायची भीती वाटत होती. हे मला आज कळतंय, चौऱ्याहत्तराव्या वर्षी. अशी मी विदुषी!

रडले का, असं तू विचारणार नाहीस, पण सोनुन विचारेल. नाही. दोन दिवस चिडले. बाबांवर, आईवर, तुझ्यावर. मग कळलं की चिडायला एकच माणूस हाताशी उरलाय, तो मी.

काल ओसोरोव आला होता. अंगावर चकाकता कोट, हातात चॉकलेटचा डबा. प्रकाशकाने माझ्या लाल रेघा त्याला दाखवल्या होत्या. चार हजारांपैकी दोन हजार सहाशे.

“आपा,” म्हणाला, “लोक हे पुस्तक आनंदासाठी घेतात हो. ‘कुत्रंही नेणार नाही’, ‘चूक’, ‘मुलगा होऊ दे’! असलं कोण घेईल?”

मी म्हटलं, “मग आनंदाचं पुस्तक काढ. मूळ आणि अर्थ कशाला लिहिलंस मुखपृष्ठावर?”

“थोडं गोड केलं तर कुणाचं काय जातं?”

“ज्या पोरीला ते नाव चिकटतं तिचं जातं. तुझं काही जात नाही.”

मग मी त्याला सांगितलं की एक रेघ मी मागे घेते आहे. बुरुलची. तू लिहिलेला अर्थ बरोबर आहे, माझी टीप चुकीची. त्याचं तोंड बघायला हवं होतं. तुर्दाकुन, आख्ख्या बाडात माझ्या कोशाविरुद्ध त्याने लिहिलेला एक अर्थ खरा निघाला, आणि तो मी खोडला होता!

पण गंमत पुढेच आहे. तो खुर्ची पुढे ओढून म्हणाला, “आपा, असं करू नका. तुमचंच नाव आहे ते. मी तुमचाच अर्थ ठेवतो. घोड्याचा रंग, किती देखणा! तुमच्या कोशाचा हवालाही देतो. कुणाला कळणार आहे?” त्याला खरोखर माझी दया आली होती. लबाड माणूस कनवाळू झाला की फार अंगावर येतो. आणि सांगते, मला मोह झाला. नुसतं ‘बरं’ म्हटलं असतं तर काम झालं असतं. म्हातारपणी परत मिळालेला झुपका डोक्यावर ठेवून मी मेले असते.

मी त्याला म्हटलं, “चॉकलेट उचल आणि चल.”

प्रकाशकाला लिहून दिलंय. बुरुल: वळ, मुलगा व्हावा म्हणून मुलीला दिलेलं नाव, साक्ष, कोचकोरची कालीचा, वय त्र्याण्णव, जन्माच्या वेळी हजर. घोड्याच्या रंगाचा अर्थ या नावाला लागू नाही. तसं लिहिणारी मीच, आणि ते मागे घेते. जांगिल: चूक, दैव चुको आणि मुलगा देवो. हे सगळं छापणार असाल तर सही देते, नसाल तर माझं नाव कुठे घालू नका. ते बहुधा दुसरी सही शोधतील. शोधू देत. कोशाच्या नव्या आवृत्तीत तरी दुरुस्ती होईल, संस्थेत स्वतः जाऊन अर्ज दिला आहे. तिथली पोरगी मला म्हणाली, “लेखिका हयात आहे का?” मी म्हटलं, “अजून आहे.”

आता एकवीस तारखेबद्दल. काचेच्या कपाटातला तो कागद बाहेर काढ आणि चुलीत घाल. हे पत्र पाहुण्यांपुढे मोठ्याने वाच. घरातल्या दुसऱ्या कुणालाही वाच म्हटलं तर तो घसा साफ करत बसेल, म्हणून तूच वाच. नातीला माझं नाव द्यायचं नाही. मान द्यायचा असेल तर मला मेंढीचा चांगला तुकडा पाठवा, जिवंत पोर नको. सोनुनला सांग, दैवाला वळवायचं असेल तर तिने स्वतःचं नाव बदलावं.

आणि गुल्झिनाला सांग, तिचा प्रश्न बरोबर होता. उत्तर हे: मला कुणी तरी सांगितलं होतं.

बुरुल


कोचकोर, २६ मार्च २०१३

आदरणीय आपा,

सगळं तुम्हाला मीच लिहावं असं बाबांनी, माझ्या सासऱ्यांनी, सांगितलं. त्यांची तब्येत बरी आहे.

एकवीसला नवरूझचा सणही होता, त्यामुळे घर भरलेलं. बायकांनी चाळीस चमचे पाण्याने बाळाला आंघोळ घातली. दस्तरखानावर तळलेल्या बोर्सोकांचा डोंगर होता. मुल्ला बसले आणि म्हणाले, “नाव सांगा.” सासूबाईंनी तोंड उघडलं तेवढ्यात बाबा उठले. ते असे कधी उठत नाहीत. त्यांनी कपाटातून तुमचा कागद काढला, चुलीत टाकला आणि खिशातून पत्र काढून उभ्यानेच वाचायला लागले. ओसोरोवच्या कोटाच्या ओळीला लोक हसले. मेंढीच्या तुकड्यालाही हसले. पण घोडा फिरवल्याचं बाबांनी स्वतःहून सांगितलं, ते तुमच्या पत्रात नव्हतं. तेव्हा कुणी हसलं नाही. शेवटी म्हणाले, “त्या फिरण्यातून मी आलो. माझ्यासाठी आता आणखी कुणाला फिरवायचं नाही.”

सासूबाई म्हणाल्या, “तुमची बहीण कोशापायी स्वतःचंच नाव घालवून बसली. आणि माझं काय? मी चार मुलींवर एक मुलगा आणला तेव्हा मला या घरात बसायला गादी मिळाली. तेव्हा कुठे गेले होते तुमचे अर्थ?”

आपा, त्यांना फक्त हसण्यावारी नेऊ नका.

मुल्लांनी पुन्हा विचारलं. इलियासने माझ्याकडे पाहिलं. मी म्हणाले, “कुन्दुझ.” पाण्यातलं कुन्दुझ, पाणमांजर. बर्फाखालीही पोहतं आणि कुणाच्या हाती लागत नाही. अर्थ मी स्वतः तीन ठिकाणी तपासला. मुल्लांनी तिच्या कानात नाव सांगितलं, तेव्हा तिने जांभई दिली.

आता जांगिलचं. पत्र वाचलं तेव्हा ती दारात बसली होती, सगळं ऐकत. ते माझ्या लक्षात आलं नाही. पाहुणे गेल्यावर मी तिला जवळ घेऊन म्हणाले, तुला हवं तर नाव बदलू, कचेरीत अर्ज देता येतो. ती उठून गोठ्यात मेंढ्यांकडे गेली.

तिसऱ्या दिवशी सासूबाई शेवयांसाठी कणीक लाटत होत्या. जांगिल त्यांच्यासमोर जाऊन बसली.

“आजी, माझं नाव तू ठेवलंस?”

“हो.”

“दैवाने चुकावं म्हणून?”

सासूबाईंनी लाटणं थांबवलं नाही. “हो.”

“मग ते चुकलं का?”

“नाही.”

“मग चुकलं कोण?”

मी पलीकडे भांडी घासत होते. माझे हात पाण्यातच राहिले. सासूबाईंनी पोळी लाटली, घडी घातली, सुरीने बारीक कापली. जांगिल हलली नाही. मग सासूबाईंनी पीठ झटकलं आणि म्हणाल्या, “ऊठ, कढई चढव.”

जेवताना आमच्या घरी पहिला वाडगा बाबांना जातो, दुसरा इलियासला. त्या दिवशी सासूबाईंनी पहिला वाडगा भरला, वर मांसाचा मोठा तुकडा ठेवला, बाबांचा पुढे आलेला हात ओलांडून तो जांगिलपुढे ठेवला आणि म्हणाल्या, “गरम आहे, सावकाश खा.”

ती नाव बदलणार नाही म्हणते. शाळेत कुणी अर्थ विचारला तर सांगणार आहे, आणि चुकलं कोण तेही सांगणार आहे.

तुमची,
गुल्झिना